दोन वाक्यांची माणसं: पात्रनिवडीची कामवही, नाशिक

१४ ऑक्टोबर २०२४, सोमवार

पटकथेचा नवा खर्डा आला. सलग वाचून काढला, मग पेन्सिल घेऊन पुन्हा पहिल्या पानापासून. गोष्ट निफाड तालुक्यातल्या दोन जावांची. थोरलीचा नवरा गेलेला, धाकटीचा पुण्याला नोकरीत. द्राक्षबाग दोघीच सांभाळतात आणि ऐन हंगामात व्यापारी माल उचलतो आणि पैसे न देता पसार होतो. आमच्या भागात असं सांगितलं तर कुणी दचकत नाही. प्रत्येकाच्या नात्यात कुणीतरी असं बुडालेलं असतं. दिग्दर्शक त्याच पट्ट्यातला मुलगा, बागेत वाढलेला. संवाद वाचताना कुठेही अडखळले नाही. माणसं "काय करू राहिली", "येऊ राहिलो" असंच बोलतात आणि त्याने ते तसंच ठेवलंय.

चित्रीकरण फेब्रुवारीच्या मध्यापासून, खुडा चालू असताना. पैसे कमी. दिग्दर्शक म्हणाला, "ताई, मोठं नाव परवडायचं नाही." म्हटलं, नावाचं नंतर बघू, मला आधी वेळ दे आणि गाडीला डिझेल दे.

बोलणारी पात्रं सव्वीस. यादी नेहमीप्रमाणे खालून करायला घेतली. आधी हवालदार, औषधाच्या दुकानातला पोऱ्या, मजुरांच्या टोळीतल्या बायका, शेजारची म्हातारी, पतपेढीतला माणूस. थोरली जाऊ सगळ्यात शेवटी.

१९ ऑक्टोबर, शनिवार

यादी खालून का करायची, हे नव्या सहाय्यक मुलीने विचारलं. तिला तोंडी सांगितलं ते लिहूनही ठेवते, कारण पुढे निर्मात्यांनाही सांगावं लागेल.

मी आयुष्यातली उमेदीची वर्षं चरित्र अभिनेत्री म्हणून काढली. राज्य नाट्य स्पर्धेच्या नाशिक केंद्रावर उभी राहून मुंबईत गेले आणि तिथे नर्स झाले, शेजारीण झाले, शाळेच्या बाई झाले, मुलीकडची मावशी झाले. केस पांढरे झाल्यावर सासू. सकाळची पंचवटी एक्स्प्रेस, दादरला उतरून लोकल, मग रिक्षा. नऊ ते नऊची शिफ्ट असली की परतीची पंचवटी मिळण्याचा प्रश्नच नसे. मैत्रिणीच्या हॉलमध्ये पथारी पसरायची. पैसे नव्वद दिवसांनी. बऱ्याचदा पटकथा हातात मिळत नसे, फक्त आपलं पान. त्या एका पानावरून ही बाई कुठून आली, तिचे पाय दुखतायत का, तिची ड्यूटी कधी संपते, हे सगळं स्वतःच ठरवायचं आणि दोन वाक्यांत घालायचं.

दोन वाक्यांच्या नटाला तिसरं वाक्य मिळत नाही. नायिकेचा एक प्रसंग पडला तर पुढच्या प्रसंगात ती सावरते. नर्स दारातून येते, "पेशंटचे नातेवाईक कोण?" म्हणते आणि निघून जाते. तेवढ्यात ती नर्स वाटली नाही, तर तिच्याकडे बघून रडणारी नायिकाही खोटी वाटू लागते. हे मी डोळ्यांनी पाहिलंय. एका मालिकेत एका फार गुणी नटीला नवऱ्याच्या आजाराची बातमी कळते असं दृश्य होतं. डॉक्टर म्हणून एक देखणा मुलगा उभा केला होता. त्याने रिपोर्टचा कागद नीट धरला होता, पण त्याचे डोळे ओळींवरून फिरत नव्हते. कागदाच्या मधोमध एका ठिकाणी स्थिर. बाईंनी टेकमागून टेक दिले, जीव ओतला, आणि दृश्य काही उभं राहिलं नाही. सगळ्यांना वाटलं, आज बाईंची तब्येत बरी नसावी.

पात्रनिवडीकडे वळले तीही अशाच वाटेने. एका छोट्या चित्रपटात मला आजीचं काम आलं होतं. वाचल्यावर दिग्दर्शकाला सांगितलं, ही आजी माझ्या अंगात नाही, पण पंचवटीत आमच्या भजनी मंडळात आहे. त्या आजींना घेऊन गेले. त्यांनी ते काम केलं आणि त्या दिग्दर्शकाने पुढच्या चित्रपटाची अख्खी यादीच माझ्या हातात ठेवली. हे काही जगावेगळं नाही. रंगभूमीवरच्या अभिनेत्री डॉली ठाकोर यांनी रिचर्ड ॲटनबरोंच्या 'गांधी'साठी (१९८२) भारतातली पात्रनिवड सांभाळली होती. नटाला दुसऱ्या नटातलं जे दिसतं, ते बाकीच्यांना उशिरा दिसतं, असं माझं ठाम मत आहे.

५ नोव्हेंबर, मंगळवार

दिवाळी संपली. आवाहन आज पाठवलं: नाट्यसंस्थांचे गट, महाविद्यालयं, महिला मंडळं, दोन भजनी मंडळं, एसटी कामगारांचा एक गट. फोटोशूट करून पाठवू नका, घरच्या उजेडात काढलेला साधा फोटो चालेल, असं स्पष्ट लिहिलं. आणि सगळ्यात वर, ठळक: ऑडिशनला एक रुपयाही लागत नाही, नोंदणी फी नाही, पोर्टफोलिओ नको.

ही ओळ लिहावीच लागते. गेल्या उन्हाळ्यात सिडकोतल्या एका मुलीकडून कुणीतरी "कलाकार संघटनेचं कार्ड काढून देतो" म्हणून तिच्या आईच्या बांगड्यांचे पैसे नेले. काम देणारा कधी पैसे मागत नसतो. हे मी भेटेल त्या मुलामुलीला सांगते, त्याच्या आईवडिलांना वेगळं सांगते.

१७ नोव्हेंबर, रविवार

गंगापूर रोडच्या तालमीच्या हॉलमध्ये पहिली फेरी. सकाळी नऊपासून अंधार पडेपर्यंत.

माझी पद्धत ठरलेली आहे. आधी नाव, गाव, काय करता. कॅमेरा तेव्हाच चालू, पण त्यांना वाटतं अजून सुरू व्हायचंय. मग एक पानाचा प्रसंग. आणि हाताला काम. मोकळे हात घेऊन माणूस कॅमेऱ्यासमोर उभा राहिला की तो अभिनय करायला लागतो. आज मेथीच्या जुड्या आणल्या होत्या. प्रसंग असा: थोरली जाऊ मेथी निवडता निवडता धाकटीला सांगते की व्यापाऱ्याचा फोन तीन दिवसांपासून लागत नाही. क्यू द्यायला समोर मी स्वतः बसते. सहाय्यक कोरड्या आवाजात वाक्यं वाचून दाखवतात आणि समोरच्याचं काम मरतं. नटी असण्याचा मला इथे सगळ्यात जास्त उपयोग होतो.

बऱ्याच जणींनी महत्त्वाचं वाक्य आलं की मेथी खाली ठेवली. काहींनी जुडी मुठीत आवळली. स्पर्धेत बक्षिसं मिळवलेल्या एक बाई वाक्याच्या आधी एक दीर्घ श्वास घेऊन वर छताकडे बघायच्या. मंचावर ते शेवटच्या रांगेपर्यंत पोचतं, इथे कॅमेरा दोन हातांवर आहे.

चारच्या सुमारास नाशिक रोडहून एक बाई आल्या. पतपेढीत कारकून. गणेशोत्सवातल्या नाटकांपलीकडे अनुभव नाही. बसल्या, पदर खोचला, मेथी पुढ्यात ओढली. "फोन लागत नाहीये त्यांचा" हे वाक्य आलं तेव्हा त्यांचे हात थांबले नाहीत. फक्त एक चांगली, कोवळी काडी त्यांनी टाकायच्या ढिगात टाकली. वाक्य संपलं. मग ती काडी त्यांना दिसली, उचलली, चांगल्या ढिगात ठेवली आणि पुढची घेतली. मी पुढचा क्यू द्यायचं विसरले नाही एवढंच, पण माझा आवाज बदलला हे रेकॉर्डिंगमध्ये ऐकू येतंय.

त्यांना विचारलं, ते मुद्दाम केलं का? म्हणाल्या, "काय केलं?"

वहीत नावापुढे दोन रेघा मारल्या.

२० नोव्हेंबर, बुधवार

मतदान. हॉल बंद. सकाळी मतदान करून आले आणि दिवसभर मोबाइलवर आलेल्या सेल्फ टेप, म्हणजे लोकांनी घरीच चित्रित केलेल्या ऑडिशन, पाहिल्या. चेहरा गुळगुळीत करणारं फिल्टर लावलेली टेप मी परत पाठवते आणि तसंच सांगते: तुमचा चेहरा दिसला नाही, पुन्हा पाठवा.

२८ नोव्हेंबर, गुरुवार

दिंडोरीच्या पुढे एका ओळखीच्या बागेत. ऑक्टोबरची छाटणी लवकर घेतलेली, त्यामुळे थिनिंग, म्हणजे घडांची विरळणी, चालू. पेठ तालुक्यातून आलेली बायकांची टोळी. काही जणी इथेच शेडमध्ये राहतात, काही रोज पिकअपने येतात. पटकथेत या टोळीतल्या चौघींना संवाद आहेत, आणि ते संवाद नाशिकच्या कुठल्याही नटीच्या तोंडी बसणार नाहीत हे मला पहिल्या वाचनातच कळलं होतं. वाक्यांचा हेल वेगळा, शब्द वेगळे, मालकिणीशी बोलतानाचं आणि आपसांतलं बोलणं वेगळं.

पहिल्या दिवशी कॅमेरा काढायचा नाही हा माझा नियम. मोबाइलसुद्धा पिशवीत. दिवसभर वेलींखाली बसून राहिले.

थिनिंग बघत राहावं असं काम आहे. डाव्या हाताची दोन बोटं घडाच्या देठाशी, घड फिरवायचा बोटांनीच. उजव्या हातात बारीक टोकाची कात्री. आधी मधल्या पाकळ्या, म्हणजे घडातल्या छोट्या फांद्या, काढायच्या, मग दाटीतले मणी. मणी पायाशी पडत राहतात, हिरवे, ज्वारीच्या दाण्यापेक्षा थोडे मोठे. मान सतत वर. दुपारनंतर एकेकीने मान खाली केली की ती आधी डोळे मिटते, मग खांदे सोडते. त्यातल्या एका पन्नाशीच्या मावशींनी मला न विचारता कात्री दिली. माझा पहिला घड त्यांनी हातात घेतला, उलटसुलट केला, काही न बोलता स्वतः पुन्हा केला. हसल्याही नाहीत. ती नजर मला चित्रपटात हवी आहे. पहिल्याच प्रसंगात धाकटी जाऊ घाईने घड विरळते आणि टोळीतली बाई तो पुन्हा करते, असं लिहिलंच आहे.

संध्याकाळी मुकादम आणि बायकांशी एकत्र बोलले. काय आहे, किती दिवस, काय करावं लागेल. पैशाचं आधी: जो रोज बुडेल तो पूर्ण, मानधन त्याशिवाय वेगळं, रोजच्या रोज, ज्याच्या त्याच्या हातात. मुकादमाच्या हातात एकत्र द्यायचे नाहीत हे मी त्याच्या देखत बोलले, म्हणजे नंतर गैरसमज नको. विचार करून सांगतो म्हणाल्या. घाई केली नाही.

८ डिसेंबर, रविवार

व्यापारी मिळाला. या पात्राची मला सगळ्यात जास्त काळजी होती.

आलेल्या प्रत्येकाने व्यापाऱ्याला लबाड केला. डोळे बारीक करणं, ओठाच्या कोपऱ्यातून हसणं, अंगठीशी चाळा. एकाने तर घरून सोन्याची साखळी आणि गॉगल आणला होता. मी प्रत्येकाला एकच सांगितलं: या माणसावर दोन शहाण्या बायका विश्वास टाकतात. वर्षभराचं पीक उधारीवर देतात. तुम्हाला पाहून मी टोपलीभर द्राक्षंही दिली नसती. शेतकरी फसतो तो भोळा म्हणून नव्हे. व्यापारी पहिल्या दोन खेपांचे पैसे चोख देतो, गावात जेवायला येतो, आजारी माणसाची चौकशी करतो. विश्वास कमावणं हेच त्याचं काम असतं आणि ते तो मनापासून करतो.

आज सातपूरच्या कारखान्यातून निवृत्त झालेले एक गृहस्थ आले. हौशी रंगभूमीवर हयात गेलेली. मी त्यांना वर्षानुवर्षं स्पर्धेत पाहत आलेय, बहुतेक वेळा पोलीस पाटील नाहीतर देवळातला पुजारी. प्रसंग होता पहिल्या भेटीचा. बाई पाणी देतात, भाव ठरतो. त्यांनी पाणी प्यायलं, तांब्या खाली ठेवला नाही. उठले आणि स्वतः आत ओट्याच्या जागी नेऊन ठेवून आले. मग बसून, भावाचं काही न बोलता, विचारलं, "धाकट्या वहिनींचं कसं, पुण्याला जाणं होतं का?" हे वाक्य पटकथेत भावानंतर होतं. त्यांनी आधी घेतलं. माझ्या शेजारी बसलेला दिग्दर्शक पुटपुटला, "ताई, मी देऊन टाकली असती बाग."

तिथल्या तिथे नक्की केलं. दुसरा पर्याय ठेवला नाही.

१७ डिसेंबर, मंगळवार

थोरलीची नऊ वर्षांची मुलगी शोधायला त्र्यंबक-हरसूल रस्त्यावरच्या जिल्हा परिषद शाळांत. परवानगी आधी घेतली होती. वर्गात जाऊन "कोणाला सिनेमात काम करायचं?" असं मी कधीच विचारत नाही, सगळे हात वर होतात आणि बाकीची पोरं दिवसभर हिरमुसतात. गोष्ट सांगते, मग पोरांना ती परत सांगायला लावते. तिसऱ्या शाळेतल्या एका मुलीने माझी गोष्ट परत सांगताना तिचा शेवट बदलला, कारण तिला तो पटला नव्हता. तीच.

परतताना त्र्यंबकला चहाला थांबलो आणि सहाय्यक मुलीला फाळक्यांचं सांगितलं. दादासाहेब इथले, जन्म ३० एप्रिल १८७०. 'राजा हरिश्चंद्र'साठी (१९१३) तारामती करायला एकही स्त्री तयार होईना. शेवटी ग्रँट रोडच्या एका हॉटेलात काम करणारे अण्णा साळुंके त्यांना सापडले. सडपातळ अंगकाठी, नाजूक हात. पुढे १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये राम आणि सीता दोन्ही साळुंकेच. आपल्याकडची पहिली पात्रनिवड अशी हॉटेलातल्या माणसाचे हात बघून झाली, याचा मला फार आनंद वाटतो. १९१३ मध्येच 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या आणि बायकांसाठी दार उघडलं. लहान मुलांचा प्रश्न फाळक्यांनी घरातच सोडवला: 'राजा हरिश्चंद्र'मधला रोहिदास म्हणजे त्यांचा मुलगा भालचंद्र, आणि १९१९ च्या 'कालिया मर्दन'मधला कृष्ण म्हणजे मुलगी मंदाकिनी.

आपल्याला तसं चालत नाही आणि चालू नये. २०१७ च्या नियमांप्रमाणे चित्रीकरणात मूल असेल तर निर्मात्याने जिल्हादंडाधिकाऱ्यांची परवानगी घ्यायची. दिवसाला पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, सलग तीन तासांनंतर विश्रांती. सलग सत्तावीस दिवसांच्या पुढे नाही. शाळा बुडता कामा नये. मिळणाऱ्या पैशातला किमान वीस टक्के भाग मुलाच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेवीत. आणि मुलाची स्वतःची इच्छा असली पाहिजे. हा शेवटचा मुद्दा लोक कागदावर सही घेऊन संपवतात. मी मुलीला आईबापांपासून थोडं लांब, बाकावर बसवून विचारलं. तिने विचारलं, "मधेच नको वाटलं तर?" सांगितलं, तर घरी जायचं, कुणी रागावणार नाही. हे दिग्दर्शकाला आणि निर्मात्यांना आज लेखी कळवलं.

२ जानेवारी २०२५, गुरुवार

नकार कळवण्याचे दिवस. आलेल्या प्रत्येकाला फोन. मेसेज नाही, फोन.

सहाय्यक मुलीला वाटलं यात वेळ जातो. जातोच. पण मी त्या बाजूला राहिलेय. ऑडिशन दिली की "कळवतो" म्हणायचे, आणि मग काही नाही. आठवडाभर फोन हातातून सुटायचा नाही, आंघोळीला जाताना तो मुलाकडे देऊन जायचे. मग कधीतरी टीव्हीवर ती भूमिका दुसरी कुणी करताना दिसायची आणि उत्तर कळायचं. माणसाने धडधडत्या छातीने येऊन आपल्यासमोर काहीतरी मांडलेलं असतं. नाही म्हणायचं असेल तर नाव घेऊन, नीट, एका वाक्यात म्हणावं. खरं कारण सांगता येण्यासारखं असेल तर सांगावं: वय जुळलं नाही, जावा एकमेकींसारख्या दिसायला लागल्या. "तुम्ही खूप छान केलंत पण" हे वाक्य मी वापरत नाही.

बक्षिसं मिळवलेल्या त्या बाई फोनवर गप्प झाल्या. मग म्हणाल्या, निदान सांगितलंत. त्यांना पुढच्या महिन्यात कॅमेऱ्यासमोरच्या कामासाठी वेगळं बसू या म्हटलंय. ताकदीची बाई आहे, वाया जाऊ द्यायची नाही.

११ जानेवारी, शनिवार

निर्मात्यांबरोबर बैठक. थोरली जाऊ म्हणून त्यांना मालिकेतला ओळखीचा चेहरा हवा. त्यांची अडचण मला समजते: वितरक पहिला प्रश्न "आहे कोण?" हाच विचारतो. पण त्यांना पतपेढीतल्या बाईंची टेप पुन्हा दाखवली. मेथीची काडी. त्यांनी दोनदा पाहिली.

मग उदाहरण दिलं 'कोर्ट'चं. चैतन्य ताम्हाणेंच्या त्या चित्रपटात गीतांजली कुलकर्णींसारखी कसलेली नटी आहे आणि तिच्या भोवती कितीतरी माणसं पहिल्यांदाच कॅमेऱ्यासमोर आलेली. लोकशाहीर झालेले वीरा साथीदार तर चळवळीतले कार्यकर्ते. त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला आणि तो भारतातर्फे ऑस्करला गेला. कसलेले आणि नवखे एकत्र आणण्यात धोका असतो, हे मी लपवलं नाही. कसलेला नट प्रत्येक टेकला सारखं करतो, नवखा माणूस दर वेळी वेगळं. नवख्याचं खरं वाटू लागलं की कसलेल्याचं घडवलेलं दिसायला लागतं. म्हणून धाकट्या जावेसाठी मी अशी नटी सुचवली आहे जी समोरच्याचं ऐकते. पुण्यात प्रायोगिक नाटकं करणारी, आणि तिचं नाव निर्मात्यांनाही पुरेसं वाटलं. थोरली पतपेढीतल्या बाई. ठरलं. त्यांची रजा कशी मिळवायची हा आता नवा प्रश्न.

बैठक संपताना शेजारच्या म्हातारीचं काम मीच करावं असा विषय निघाला. नाही म्हटलं. यादी माझ्या हातात असताना त्यात माझं नाव घालणार नाही. ते काम माझ्या वयाच्या, मालिका बंद पडल्यापासून घरी बसलेल्या एका मैत्रिणीला दिलं, तिचीही ऑडिशन घेऊन.

१४ जानेवारी, मंगळवार

संक्रांत. टोळीतल्या मावशींचा निरोप आला: चौघी येतील. पाचवीलाही यायचंय. दिग्दर्शकाला फोन करून पाचवीसाठी जागा करायला सांगितली.

२ फेब्रुवारी, रविवार

रोहन कानवडेंच्या 'साबर बोंडं'ला अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात जागतिक चित्रपटांच्या कथाप्रधान विभागात ग्रँड ज्युरी पारितोषिक. मराठी चित्रपट तिथे पोचला आणि जिंकून आला. दिवसभर फोन चालू आहेत. निर्मात्यांचाही आला, आवाजात आज वेगळीच उभारी होती. गावाकडच्या बोलीत, मोठ्या नावांशिवाय केलेलं काम जगात समजतं, हे त्यांना आता माझ्याकडून ऐकावं लागणार नाही.

मुलीच्या कामाच्या परवानगीचे कागद हातात आले.

९ फेब्रुवारी, रविवार

दोन्ही जावा, टोळीतल्या बायका आणि मुलगी, सगळ्यांना बागेत एकत्र आणलं. संवाद नाहीत, तालीम नाही, फक्त खुडा. घड देठाला धरायचा, मण्याला हात लावायचा नाही. मण्यांवरचा पांढुरका थर पुसला गेला की माल हाताळलेला दिसतो. क्रेटमध्ये ठेवताना देठ वर. पतपेढीतल्या बाई दुपारपर्यंत सरावल्या. पुण्याच्या नटीचे हात अजून घडाभोवती जातायत आणि ते चांगलंच आहे, कारण धाकटीला शेतात येऊन दोनच वर्षं झाली आहेत.

जेवणाच्या वेळी टोळी एका बाजूला आणि आम्ही एका बाजूला बसलो होतो. धाकटी जाऊ झालेली मुलगी आपला डबा घेऊन उठली आणि तिकडे जाऊन बसली. थोड्या वेळाने त्या मावशींनी तिच्या हातातला घड घेऊन पुन्हा करून दिला, मला दिला होता तसाच.

२१ फेब्रुवारी, शुक्रवार

हवालदाराचा दिवस. संवाद दोन: "कागद आहे का काही, बाई?" आणि "मग उद्या या." हे काम एसटीतून निवृत्त झालेल्या वाहतूक नियंत्रकांना दिलं आहे. आयुष्यभर खिडकीत बसून लोकांना "ती गाडी रद्द आहे" सांगितलेला माणूस. पोलिसासारखे ते मुळीच दिसत नाहीत, अंगाने किरकोळ. दिग्दर्शकाला थोडी शंका होती.

टेबलावर नोंदवही, समोर दोघी जावा. ते लिहीत राहिले. खरंच लिहीत होते. नंतर पाहिलं तर पानभर गाड्यांच्या वेळा. मान वर न करता, अजिबात न रागावता विचारलं, "कागद आहे का काही, बाई?" धाकटी काही बोलणार तेवढ्यात त्यांनी वर पाहिलं. थोरलीकडे पाहिलं, तिच्या हातातल्या पिशवीकडे पाहिलं. कागद नाही हे त्यांना कळलं आणि त्यांना ते माहीतच होतं. "मग उद्या या" हे इतक्या हळू आलं की साउंडवाल्याने मान वर केली. थोरलीच्या चेहऱ्यावर जे उमटलं ते पटकथेत नव्हतं. तिने "बरं" म्हटलं आणि पिशवी उचलली. आम्ही दुसरा टेक घेतला तो फक्त सुरक्षिततेसाठी.

१९ ऑक्टोबरला जे लिहिलं होतं ते निर्मात्यांना वेगळं समजावून सांगायची गरज उरली नाही. ते मॉनिटरपाशीच उभे होते.

२७ फेब्रुवारी, गुरुवार

श्रेयनामावलीवर वाद, आणि या वादात मी मागे हटणार नव्हते. कच्च्या यादीत मुख्य सहा जणांनंतर "आणि ग्रामस्थ" असं होतं.

हॉलिवूडमधल्या लिन स्टालमास्टर यांना पडद्यावर पात्रनिवडीचं स्वतंत्र श्रेय मिळालं ते १९६८ मध्ये, 'द थॉमस क्राउन अफेअर'ला. या कामातल्या माणसाला असं स्वतंत्र श्रेय पहिल्यांदाच मिळत होतं. त्यांनाच २०१६ मध्ये मानद ऑस्कर दिलं. बाफ्टाने, म्हणजे ब्रिटिश चित्रपट अकादमीने, कास्टिंगचा पुरस्कार २०२० पासून सुरू केला, ऑस्करचा पुढच्या वर्षीच्या सोहळ्यात पहिल्यांदा दिला जाईल. आपल्या राष्ट्रीय पुरस्कारांत अजून हा विभाग नाही. आमचं स्वतःचं नाव यायला इतकी वर्षं लागली. आणि मी निवडलेल्या माणसांना "ग्रामस्थ" म्हणू? पाचही जणींनी संवाद म्हटले आहेत, वेळेवर आल्या आहेत, उन्हात टेकवर टेक दिले आहेत. त्यांनी काम केलंय आणि ते काम नटाचं आहे.

दिग्दर्शक माझ्या बाजूने होता. निर्माते म्हणाले, यादी लांबते. लांबू दे. शेवटी मान्य झालं: बोलणारी सव्वीस आणि पाचवी धरून सत्तावीस नावं, पात्राच्या नावासह, एकाच आकाराच्या अक्षरांत.

५ मार्च, बुधवार

नावं तपासायला टोळीकडे गेले. आधार कार्डावर एक, घरात दुसरं, असं दोघींचं निघालं. कुठलं घालायचं ते त्यांनाच ठरवू दिलं. दोघींनी घरचं सांगितलं. मावशींनी आपल्या नावापुढे माहेरचं गाव घालता येईल का विचारलं. येईल म्हटलं, आणि संकलकाला तसं कळवलंय.

मानधनाचे हिशेब पूर्ण, सह्या झाल्या. मुलीच्या मुदत ठेवीची पावती तिच्या आईला शाळेत मुख्याध्यापकांसमोर दिली, एक प्रत फाइलला. बुडालेल्या धड्यांसाठी तिच्या बाई शनिवारी जादा वेळ बसणार आहेत. पतपेढीतल्या बाईंची रजा सोमवारी संपते. डबिंगच्या तारखा दोन शनिवार-रविवारी टाकून घेतल्या.

व्यापाऱ्याचं काम केलेल्या काकांना पुण्याच्या एका दिग्दर्शकाचा फोन आला. माझ्याकडून नंबर घेतला होता. त्यांना सांगितलं, एकच पान दिलं तर पूर्ण पटकथा मागा, आणि प्रवासखर्च आधी ठरवा.